धुऊन ठेवलेली पाकिटं आणि घरातली धुसफूस

पत्र:

ताई, मी बँकेतून निवृत्त झालो. वय 67. पुण्यात सिंहगड रस्त्याला मुलगा, सून आणि सहावीतला नातू यांच्यासोबत राहतो. आमच्या लहानपणी घरात कचरा म्हणून काही नसायचंच. आता रोज दारात एखादा तरी खोका येतो, आठवड्यातून तीन-चार वेळा बाहेरून जेवण येतं आणि ओट्यावर प्लास्टिकच्या डब्यांचा ढीग लागतो. मला बघवत नाही. म्हणून रात्री सगळे झोपले की मी कचऱ्याचा डबा उपसतो, ओलं-सुकं वेगळं करतो, वेफर्सची, बिस्किटांची पाकिटं धुऊन वाळवतो. गॅलरीत अशा चार गोण्या भरल्या आहेत. पुष्कळ पाकिटांवर तो बाणांचा त्रिकोण असतो, म्हणजे त्यांचं पुन्हा काहीतरी होत असणारच. सून आधी बोलायची, आता बोलत नाही. हल्ली सगळा कचरा काळ्या पिशवीत गाठ मारून ठेवते. मागच्या महिन्यात मिक्सर बंद पडला, तर मुलगा म्हणाला, ‘बाबा, दुरुस्तीच्या फंदात पडू नका, नवा मागवतो.’ सोसायटीच्या सभेत सेक्रेटरी म्हणाले की काहीही करा, शेवटी सगळं एकाच गाडीत जातं. मी मूर्खपणा करतोय का? हे सगळं सोडून देऊ का?

– एक वाचक, पुणे

नमस्कार काका,

सोडून देऊ नका. मात्र रात्री डबा उपसणं आजपासून थांबवा.

सून काळ्या पिशवीत गाठ मारून ठेवते, हे तुम्ही जाता जाता लिहिलंय. मी ते पुन्हा पुन्हा वाचलं. घरातल्या बाईच्या कचऱ्यात अशा गोष्टी असतात, ज्या सासऱ्यांच्या हाताला लागाव्यात असं कुणालाच वाटणार नाही. सॅनिटरी पॅड असतात, गोळ्यांची पाकिटं असतात, पार्सलवरची बिलं असतात. आपण काय मागवलं, काय खाल्लं, काय अर्धवट टाकलं हे रात्री कुणीतरी तपासतंय म्हटल्यावर माणूस लपवायला लागतो. तिने तेच केलं. त्यामुळे पूर्वी घरात जे काही थोडंफार वेगळं होत असेल, तेही आता एकाच पिशवीत जातंय. तुमचा हेतू चांगला होता, हे मला पत्रातून दिसतं. पण तिला तो दिसण्याची शक्यता कमी आहे. ‘तुझा डबा मी पुन्हा उघडणार नाही,’ एवढं एक वाक्य तिला तुमच्या तोंडून ऐकू द्या. त्याला खुलासा जोडू नका, पर्यावरणाचा विषय तर मुळीच जोडू नका.

पॅडचा विषय निघालाच आहे तर सांगते. 2016 च्या घनकचरा नियमांत ते वेगळे गुंडाळून द्यावेत असं होतं, आणि त्यासाठीचं वेष्टन पॅड बनवणाऱ्या कंपन्यांनी द्यावं असंही होतं. आपल्या पुण्यातल्या कचरावेचक बायकांनी त्याच्याही आधी, 2013 मध्ये, वापरलेले पॅड गोण्यांत भरून थेट कंपन्यांना परत पाठवले होते. रोज नुसत्या हातांनी दुसऱ्यांचे पॅड कचऱ्यातून बाजूला काढावे लागत होते त्यांना. पुढे त्यांनी घराघरांना साधी विनंती केली की कागदात गुंडाळा आणि वर लाल ठिपका काढा, म्हणजे हे उघडायचं नाही हे बघताच कळेल. तुमच्या घरी रद्दीचे चार कागद आणि एक लाल स्केचपेन न्हाणीघराच्या कपाटात ठेवलं की काम होईल. ते मुलाने ठेवावं. तुम्ही नको.

आता तुमच्या गोण्यांकडे येते.

काका, तो त्रिकोण तुम्हाला वाटतं तसं काही सांगत नाही. त्याच्या आतला आकडा फक्त प्लास्टिकची जात सांगतो. ही आकड्यांची पद्धत 1988 मध्ये अमेरिकेतल्या प्लास्टिक उद्योगाच्या संघटनेने आणली. 1 म्हणजे पाण्याच्या बाटलीचं प्लास्टिक, 2 म्हणजे शाम्पूच्या जाड बाटल्यांचं, 4 मध्ये दूधपिशवी येते, 5 मध्ये जेवणाचे डबे. 7 म्हणजे उरलेलं सगळं, मिश्र थरांसकट. आकड्याभोवती फिरणारे बाण पाहून जगभरच्या लोकांची तुमच्यासारखीच समजूत झाली आणि ती कुणी घाईने दुरुस्तही केली नाही.

वेफर्सचं पाकीट हाताला एक लागतं, पण त्यात प्लास्टिकचे वेगवेगळे थर आणि मध्ये धातूचा पातळ मुलामा असतो. हवा आत जाऊ नये, वेफर्स कुरकुरीत राहावेत म्हणून ते थर एकमेकांना असे चिकटवलेले असतात की पुन्हा वेगळे करणं परवडत नाही. शिवाय पाकीट इतकं हलकं, की किलोभर व्हायला शेकडो पाकिटं लागतात. त्यामुळे भंगारवाला ते घेत नाही. फार तर ते इतर सुक्या कचऱ्याबरोबर सिमेंटच्या भट्टीत जळणासाठी जातं, आणि जळायचंच असेल तर ते धुतलेलं असण्याचा काही उपयोग नाही. तुम्ही वापरलेलं पाणी वाया गेलं. हे लिहिताना मलाही बरं वाटत नाहीये.

पण यात तुमचा दोष कुठे आहे? 2016 च्या प्लास्टिक नियमांत लिहिलं होतं की पुन्हा वापरात येऊ न शकणारं बहुथरी प्लास्टिक दोन वर्षांत बंद करायचं. ती मुदत भरत आली तेव्हा, मार्च 2018 मध्ये, नियमाचे शब्द बदलले. ज्यापासून ऊर्जा मिळू शकत नाही किंवा ज्याचा दुसरा कुठलाच उपयोग नाही, असंच तेवढं बंद करा, असं झालं. जाळलं की ऊर्जा मिळतेच. म्हणून ती पाकिटं आजही प्रत्येक टपरीवर लटकताहेत. फेब्रुवारी 2022 पासून कंपन्यांवर आपलं प्लास्टिक परत गोळा करण्याची उद्दिष्टं घातली आहेत, ते चांगलंच झालं. तरी पाकीट कसं बनवायचं हा निर्णय कारखान्यात होतो, आणि त्या निर्णयाचं ओझं तुम्ही रात्री बारा वाजता मोरीपाशी उभं राहून उचलताय. ते तुमचं नव्हे. 2017 मध्ये तीन संशोधकांनी जगाचा हिशोब मांडला होता. 1950 ते 2015 या काळात 830 कोटी टन प्लास्टिक तयार झालं, त्यातल्या 630 कोटी टनांचा कचरा झाला आणि त्या कचऱ्यातलं जेमतेम 9 टक्के पुन्हा वापरात आलं. घरोघरचे काका पाकिटं धूत नव्हते म्हणून हे असं झालेलं नाही.

मग पुन्हा काहीतरी कशाचं होतं? ज्याला गिऱ्हाईक आहे त्याचं. पुठ्ठा, वर्तमानपत्र, पत्रा, ॲल्युमिनियम, पाण्याच्या आणि तेलाच्या बाटल्या, दूधपिशव्या. पारदर्शक आणि पांढऱ्या प्लास्टिकला जास्त भाव मिळतो, कारण त्याला पुढे हवा तो रंग देता येतो. काळ्या डब्यापासून पुन्हा काळंच काहीतरी होणार. पुठ्ठा कोरडा असेल तरच पुठ्ठा. त्यावर आमटी सांडली की त्याची किंमत गेली. म्हणून धुण्यापेक्षा ओलं आणि सुकं आधीपासून वेगळं ठेवणं मोलाचं आहे. हे सगळं सोपं वाटतं, पण आपल्याकडे दूधपिशवीचंही घोडं अडलं. 2018 च्या राज्याच्या प्लास्टिकबंदीच्या आदेशात रिकामी पिशवी परत दिली की निदान पन्नास पैसे मिळावेत अशी तरतूद होती. तसे पन्नास पैसे घेणारं घर मला तरी अजून भेटलेलं नाही.

सेक्रेटरींच्या बोलण्याचं उत्तर मी इथे बसून देणार नाही, ते तुम्हालाच शोधता येईल. सकाळी खाली उतरा आणि तुमच्या सोसायटीत कचरा कोण घेतं ते बघा.

पुण्याचं या बाबतीत एक वेगळेपण आहे, आणि मला त्याचा मनापासून अभिमान आहे. इथे 1993 मध्ये कचरावेचकांची संघटना उभी राहिली, कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत. हमालांची संघटना बांधणारे बाबा आढाव तिच्या पाठीशी होते. कचराकुंडीतून कागद-पत्रा वेचणाऱ्या, बहुतेक दलित समाजातल्या या बायका. लोक त्यांना चोर समजत, पोलीस हटकत. संघटनेने त्यांच्यासाठी महापालिकेकडून मान्यता मिळवलेली ओळखपत्रं आणली. पुढे 2008 मध्ये त्यांच्याच ‘स्वच्छ’ या सहकारी संस्थेने पालिकेशी करार केला आणि त्या कुंडीवरून थेट आपल्या दारात आल्या. घरटी ठरलेलं शुल्क त्यांना मिळतं, आणि सुक्या कचऱ्यातलं जे विकलं जाईल त्याचे पैसेही त्यांचेच. तुमच्याकडे त्या ताई येत असतील, तर तुमचा पुठ्ठा गाडीपर्यंत जातच नाही. त्याआधीच तो त्यांच्या पिशवीत वेगळा झालेला असतो. ‘सगळं एकाच गाडीत’ हे गाडीपाशी उभं राहून पाहणाऱ्याला खरं वाटतं, कारण विकण्याजोगं तोवर निघून गेलेलं असतं.

आणि समजा तुमच्याकडे ठेकेदाराची गाडी येते आणि खरंच सगळं एकत्र कोंबते, तर ती तक्रार सभेत मांडायची. बँकेत आयुष्य काढलेल्या माणसाला कागद हलवायचा कसा हे मी काय सांगणार? फोटो काढा, तारखा लिहून ठेवा, क्षेत्रीय कार्यालयात अर्ज द्या, पोच घ्या.

एकत्र गेलेला कचरा कुठे जातो हे पाहायला पुणेकराला लांब जावं लागत नाही. उरुळी देवाचीला ऐंशीच्या दशकापासून वर्षानुवर्षं शहराचा कचरा उघड्यावर पडला. ओला कचरा प्लास्टिकखाली कुजतो, त्यातून काळं पाणी झिरपतं, ते जमिनीत मुरतं. उरुळी आणि फुरसुंगीच्या लोकांच्या विहिरी त्यात गेल्या. आपल्या शेतीच्या गावात टँकरच्या पाण्यावर राहायची वेळ आली म्हणून ते पुन्हा पुन्हा रस्त्यावर बसले, गाड्या अडवल्या. दर वेळी शहरात चार दिवस कचरा साठला की आपण नाकाला रुमाल लावून त्यांच्यावरच चिडलो. ओल्या-सुक्याचा आग्रह मी धरते तो या दोन गावांसाठी. तुमच्या घरातून फक्त ओला कचरा वेगळा आणि स्वच्छ निघाला, तरी अशा ढिगात जाणारं सगळ्यात वाईट ते थांबतं.

आता ‘लहानपणी कचरा नव्हता’ याबद्दल. बरंचसं खरं आहे. जुन्या लुगड्यांची गोधडी व्हायची, बोहारीण कपड्यांवर भांडी द्यायची, कल्हईवाला दारात बसायचा, किराणा कागदाच्या पुड्यांत यायचा. पण काका, त्या घरात भांडी राखेने कोण घासायचं? गोधडी कोण शिवायचं, उरलेल्या पोळीचा कुस्करा सकाळी कोण करायचं? तुमच्या आईचे दिवसाचे सगळे तास त्यात जात होते. कचरा नव्हता, कारण एका बाईचा वेळ फुकट धरलेला होता. त्यात कुणी तिची निवड विचारलेली नव्हती.

आज तुमची सून नोकरी करत असेल, रात्री आठला घरी येत असेल. मग तिच्यासमोर दोन पर्याय असतात. उभं राहून स्वयंपाक करायचा किंवा फोनवरून मागवायचं. ते प्लास्टिकचे डबे म्हणजे तिने विकत घेतलेला तासभर आहे. डबे नको असतील, तर तो तास घरातल्या दुसऱ्या कुणीतरी द्यायला हवा. आणि तास तुमच्याकडे आहेत. रात्री मोरीपाशी घालवता तेच.

म्हणून माझा सल्ला असा, की कचऱ्याचा डबा सोडा आणि पिशवी घेऊन बाजाराकडे वळा. भाजी तुम्ही आणा, कापडी पिशव्यांतून. ती निवडून, चिरून ठेवा. वरण-भाताचा कुकर लावणं, एखादी भाजी फोडणीला टाकणं वयाच्या 67 व्या वर्षी शिकता येतं. मी अनेकांना शिकताना पाहिलंय आणि त्यांना ते आवडायला लागतं. ज्या दिवशी बाहेरचंच खायचं ठरेल, त्या दिवशी स्टीलचे डबे घेऊन कोपऱ्यावरच्या खानावळीत तुम्ही जा. पोळी-भाजी केंद्रवाले आनंदाने आपल्या डब्यात देतात. नातवाला बरोबर न्या. वेफर्सही तिथेच, जवळच्या एखाद्या दुकानातून वजनावर डब्यात आणा. मूल वेफर्स खाणार, ते थांबवायच्या मागे लागू नका.

खोक्यांबाबत मात्र तुम्ही मुलाशी बोलू शकता. सुनेशी नव्हे, मुलाशी. उपदेश न करता एवढंच म्हणा की साबण, पेस्ट, डाळ-तांदूळ मी महिन्याच्या सुरुवातीला दुकानातून आणत जाईन, यादी दे. रोजचे खोके आपोआप कमी होतील. जे येतील त्यांची चिकटपट्टी काढून घडी घातली की कचरा घेणाऱ्या ताईंना ते हवेच असतात. घडी घालायचं काम आनंदाने घ्या, खोका डब्यात पडायच्या आधी दारातच घ्या. त्यात कुणाचं काही खाजगी नसतं. पत्त्याचा कागद तेवढा फाडून टाका.

मिक्सर. यावर मी तुमच्या बाजूने आहे.

आधी तो उलटा करून बघा. बऱ्याच मिक्सरच्या बुडाशी एक छोटं, बहुतेक वेळा लाल बटण असतं. जास्त भार आला की ते बाहेर येतं आणि मोटर बंद होते, जळू नये म्हणून. पाच-दहा मिनिटांनी दाबलं की मिक्सर पुन्हा सुरू. हे ठाऊक नसल्याने किती चांगले मिक्सर भंगारात गेले असतील! त्याने झालं नाही तर कार्बन ब्रश (मोटरला वीज पोचवणारे छोटे तुकडे) झिजलेले असतील किंवा कपलर, म्हणजे जार मोटरला जोडणारा भाग, तुटला असेल. जार गळत असेल तर त्याचं बुश, म्हणजे तळाच्या दांड्याभोवतीचं कडं, गेलंय. ही सगळी कामं मिक्सर दुरुस्त करणारा थोड्या वेळात करतो आणि नव्याच्या किमतीपुढे खर्च किरकोळ असतो. वाइंडिंग, म्हणजे मोटरमधलं तारांचं वेटोळं, जळलं असेल तर मात्र खर्च विचारून मगच ठरवा. तिथे मुलाचं म्हणणं बरोबर ठरू शकतं.

वस्तू लवकर मोडावी अशी सोय मुद्दाम केली जाते, ही तुमची शंका (पत्रात नाही, पण सुरात ऐकू आली) अगदीच निराधार नाही. 1924 मध्ये जिनिव्हात जगातल्या मोठ्या बल्ब कंपन्यांनी एकत्र येऊन ठरवलं होतं की बल्ब 1000 तासांवर चालता कामा नये. त्याआधीचे बल्ब दीड-दोन हजार तास चालत. जास्त टिकणारा बल्ब बनवला की त्या कंपनीला दंड! ती टोळी पुढे मोडली, पण धंद्याला गोडी लागायची ती लागली. आता उलटा वाराही वाहतोय. युरोपीय संघाने 2024 मध्ये दुरुस्तीच्या हक्काचा कायदा केला, आपल्याकडेही 2022 मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने यासाठी समिती नेमली. सुटे भाग मिळणं, दुरुस्तीची माहिती मिळणं हा गिऱ्हाइकाचा हक्क आहे हे आता सरकारी कागदावर तरी लिहिलं जातंय. तोवर आपल्या गल्लीतला दुरुस्तीवाला टिकला पाहिजे, आणि तो टिकतो आपण नेलेल्या मिक्सरवर.

नवा मिक्सर आलेला असेल तर तो परत करायचा हट्ट धरू नका. जुना नीट करून घ्या, नातवाला दुकानात बरोबर न्या आणि मोटर उघडलेली त्याला बघू द्या. मग ज्यांच्याकडे मिक्सर नाही अशा कुणाला विचारून तो द्या. तुमच्या दारात कचरा घ्यायला येणाऱ्या ताईंना आधी विचारा. नको म्हणाल्या तर वाईट वाटून घेऊ नका.

त्याच ताईंना गॅलरीतल्या गोण्यांबद्दलही विचारा. यातलं तुमच्या कामाचं काय आहे, ते त्यांना उघडून दाखवा आणि त्या सांगतील ते ऐका. बाटल्या, झाकणं, दूधपिशव्या असतील तर त्या घेतील. पाकिटांना बहुधा नाही म्हणतील. मग ती रोजच्या सुक्या कचऱ्यात थोडी थोडी जाऊ द्या, एकदम चार गोण्या त्यांच्या ढकलगाडीवर चढवू नका. गॅलरी धुऊन घ्या आणि पुढच्या आठवड्यात ती मोकळी गॅलरी सुनेला वापरायला द्या.